उभे दात, कलते दात

लाकूड कापायला ताकद लागते असं ज्यांना वाटतं, त्यांनी आयुष्यात लाकूड कापलेलं नसतं. कापायचं काम करवतीचे दात करतात. ताकद लागते ती दिवस काढायला, आणि दात कसे घासलेत यावर संध्याकाळी आपण माणसासारखे घरी जातो की रिकाम्या गोणपाटासारखे, ते ठरतं. हे मी कुठे वाचलेलं नाही. रत्नागिरीहून हातखंब्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर एक सॉ मिल होती. ऐंशी सालानंतरची काही वर्षं मी आणि माझा नवरा तिथे कामाला होतो. हे टेबलाच्या पुढे उभे राहून लाकूड करवतीत ढकलायचे आणि मी मागे उभी राहून कापून आलेली फळी ओढून घ्यायची. मधे गोल करवत फिरत असायची, तिला आम्ही चक्री म्हणायचो. इतरांच्या संसारात नवराबायकोच्या मधे सासू येते, जाऊ येते. आमच्या मधे चक्री होती, आणि सासूपेक्षा तिचंच जास्त ऐकावं लागायचं.

मिल म्हणजे पत्र्याचं छप्पर, उघड्या बाजू आणि सगळीकडे भुसा. भुसा केसांत, भाकरीत, पोरांच्या अंथरुणात. पौष महिना लागला की आंब्याच्या पेट्यांचं काम सुरू व्हायचं. त्या पेट्यांना रायवळ आंबा, सावर असलं मऊ लाकूड लागतं, तेही ओलंच. बाकीच्या महिन्यांत घराचे वासे, दारांच्या चौकटी, होड्यांच्या फळ्या. तिथे ऐन, किंजळ, जुना फणस, सगळी वाळलेली आणि हट्टी लाकडं. लाइट गेली की आम्हाला विश्रांती. त्या काळात लाइट बऱ्याचदा जायची, म्हणून आम्ही टिकलो असं मी म्हणते.

आता दाताचं सांगते, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. चक्रीच्या दाताला पुढची कड असते आणि पाठ असते. पुढची कड सरळ चक्रीच्या मध्याकडे जात असेल, तर तो उभा दात. तो लाकूड खरवडत जातो, आपलं आपण काही करत नाही, माणसाने ढकलावं तेवढंच कापतो. टोक पुढे झुकवलेलं असेल, तर तो कलता दात. तो लाकडात घुसतो आणि लाकूड स्वतःच आत ओढून घेतो. ओल्या आंब्याच्या लाकडाला कलता दातच पाहिजे, नाहीतर ओला भुसा दातांमधल्या खाचांत बसतो आणि चक्री तापून काळी पडते. वाळलेल्या ऐनाला मात्र उभा दात. कलता दात तिथे चालवला तर टोक बारीक असल्यामुळे लवकर बोथट होतो, फळीच्या कडा फाटतात, आणि मधे गाठ आली की लाकूड ढकलणाऱ्याच्या हातातून हिसकावून पुढे खेचतो. मागोमाग हात जातात.

म्हणून आमच्याकडे दोन चक्र्या होत्या, एक पेटीची आणि एक घरकामाची. दोन्हींना धार हेच लावायचे. जेवण झालं की चक्री दोन फळ्यांमध्ये घट्ट बसवायची आणि एकेक दात कानशीने घासत बसायचे. मिलमध्ये एक नियम होता, कोणी केला देव जाणे, की बाईने कानशीला हात लावायचा नाही. लावला तर करवत वाकडी चालते म्हणे. मी चक्री उचलून आणायची, पुसायची, खंडेनवमीला तिला हळदकुंकू वाहून तिच्या पाया पडायची. कानस तेवढी धरायची नाही. मला त्याचं कधी वाईट वाटलं नाही. एक काम कमी, एवढाच त्याचा अर्थ मी घेतला.

मागे उभं राहणाऱ्याला पुढचा माणूस भुशाच्या धुरळ्यात धड दिसत नाही, पण फळीतून कळतो. फळीचं एक टोक माझ्या हातात आलं की दुसऱ्या टोकाला ह्यांचे तळवे असायचे. सकाळी घरून निघताना आईशी वाजलंय की नाही, पोट बिघडलंय की काय, हे मला त्या फळीतून समजायचं. ह्यांचा रेटा एकसारखा होता. घाई नाही, धसमुसळेपणा नाही. बोलण्याच्या बाबतीत हे अगदी कंजूष, तेव्हा माझं नवऱ्याशी जे काही बोलणं व्हायचं ते बरंचसं लाकडातूनच व्हायचं.

दसरा होऊन गेल्यावर कधीतरी, ऐनाचे वासे कापताना, फळी माझ्याकडे जरा उडी मारल्यासारखी आली. मी दचकले. पहिल्यांदा वाटलं, माझंच लक्ष नव्हतं. दुसऱ्या दिवशी पुन्हा. मग रोजच. ऐनाने असं यायचं नसतं. ऐन नको नको म्हणत येतो, निम्मं ह्यांनी ढकलावं आणि शेवटचं मी ओढावं तेव्हा. आता तो आपणहून पळत येत होता, आणि दुसऱ्या टोकाला ह्यांचा रेटा मला लागतच नव्हता. तळवे होते, पण नुसते ठेवलेले.

लाइट गेली होती तेव्हा मी विचारलं, “अहो, घरकामाची चक्री ओढते काय?”

“लाकूड ओलं आसंल,” हे म्हणाले.

“वाळलेलं हाय. मीच रचलंय ते.”

“मग तू तुजं काम बग ना.”

असं बोलले की विषय संपला असं समजायचं, ही आमच्या घरची पद्धत. मी समजले नाही. हे हातपाय धुवायला गेले तेव्हा मी चक्रीपाशी वाकले. कानशीला हात लावायचा नाही असा नियम होता, डोळ्यांनी बघायचं नाही असा नव्हता. घरकामाच्या चक्रीचे दात पुढे झुकलेले होते. एकदम नाही, पेटीच्या चक्रीइतके तर नाहीच, पण झुकलेले. हे काम एका दिवसात झालेलं नव्हतं. प्रत्येक वेळी धार लावताना जरासं, कोणाच्या नजरेत येऊ नये इतपत, असं करत करत ह्यांनी ते दात कलते केले होते.

का, ते मला कळायला वेळ लागला नाही. कळून घ्यायचं नव्हतं म्हणून थोडा लावला, एवढंच. आमचं घर रस्त्यापासून वर, घाटी चढून जावं लागे. हे अलीकडे त्या चढावर थांबायला लागले होते. कधी चपलेचा अंगठा तुटलाय म्हणून, कधी समोरच्याची कलमं मोहरलीत का बघतो म्हणून. कार्तिकात कुठली कलमं मोहरतात? मी पुढे जाऊन उभी राहायची आणि ह्यांच्या छातीचा आवाज ऐकायची. इतकी वर्षं भुसा खाल्लेली छाती ती. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी औषध दिलं आणि आराम करा म्हणून सांगितलं. दोघांनीही मान डोलावली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर गेलो.

तेव्हा मुंबईच्या गिरण्यांचा संप लांबला होता. आमच्या भागातल्या घरोघरचे पुरुष परत आले होते, आणि मिलच्या फाटकाशी रोज कोणी ना कोणी काम आहे का विचारत उभा असायचा. शेट वाईट माणूस नव्हता, पण त्याला फळ्या हव्या होत्या. ढकलणाऱ्याला ढकलवत नाही हे त्याला कळलं असतं तर दुपारच्या आत तिथे दुसरा उभा राहिला असता. आणि मीही घरी, कारण बाईला एकटीला ठेवत नसत, जोडीनेच कामावर घेत. आमच्याकडे भात होता तो शिमग्यापर्यंत पुरायचा. तेव्हा दात कलते करून हे आपला दम संपलाय ते लपवत होते, आणि मी ते बघून गप्प होते. ह्यांचे हात जातील ही भीती एका बाजूला आणि चूल दुसऱ्या बाजूला. मला दोन्हीतलं काहीच सोडवत नव्हतं.

मग मी काय केलं ते सांगते. मी फळी मागून धरायला लागले. ओढायचं सोडून रोखायला. फळी धावत आली की टाचा भुशात रोवायच्या, खांदे मागे टाकायचे आणि ती सावकाश येईल इतपत दाबून धरायची, म्हणजे तिच्या मागून ह्यांचे हात धावत चक्रीवर जाणार नाहीत. ढकलणं हे काम असतं, ओढणं हेही काम असतं. रोखून धरणं याला कोणी काम म्हणत नाही, त्याची मजुरी कुठेच ठरलेली नसते. पण त्याच्याइतकं दमवणारं दुसरं काही मी केलेलं नाही. संध्याकाळी पाण्याचा हंडा डोक्यावर घ्यायला हात वर जाईनात. मी पोरीला सांगायची, तू दे उचलून, माझ्या हाताला चमक भरलेय. ती चमक कार्तिकापासून पुढे बरेच दिवस राहिली.

शेटच्या लक्षात वेगळंच काही येत होतं. घरकामाची चक्री लवकर झिजतेय, सारखी धार लावावी लागतेय, म्हणून तो कुरकुरायचा. पूर्णगडच्या एका होडीवाल्याने ऐनाच्या फळ्या परत आणून टाकल्या. कडा फाटल्यात, होडीला काय गोधडी शिवायचेय का, म्हणाला. हे शांतपणे म्हणाले, लाकूडच तसं होतं. होडीवाला लाकूड स्वतः निवडून घेऊन आलेला. मी खाली बघून भुसा लोटत होते.

त्याच होडीवाल्याचा फणस कापायचा होता. जुना, पिवळाधमक, दगडासारखा वाळलेला. मला तो टेबलावर चढवतानाच नको वाटत होता, पण नको वाटणं हे आमच्याकडे कोणी विचारत नसे. अर्ध्यापर्यंत ठीक गेलं. मग आत गाठ होती. दाताने ती पकडली आणि फळी माझ्या अंगावर आली. मी तयार होते, रोज तयारच असायची, पण त्या दिवशी टाचा सरकल्या. फळी मला घेऊन मागे आली आणि तिच्या दुसऱ्या टोकावर भार टाकून उभे असलेले हे तिच्याबरोबर पुढे आले. मी मागे पडता पडता सगळं अंग फळीवर टाकून ती टेबलावर दाबली. फळी अडकली, मोटर घुमली आणि तिचा पट्टा उडून भिंतीवर आदळला. चक्री थांबली तेव्हा ह्यांच्या सदऱ्याची बाही दातांत होती. हात बाहीच्या आत होता, शाबूत.

शेट धावत आला. “काय झालं?”

“पट्टा उडाला,” आम्ही दोघं एकदम म्हणालो.

संध्याकाळी घाटी चढताना हे पहिल्या वळणावरच बसले. चपलेचं निमित्त काढलं नाही. मी समोर उभी राहिले. मला रडू येईल असं वाटलं होतं, पण राग आला, आणि तो असा आला की मी आवाज खाली ठेवायलाही विसरले.

“दात तुमीच कलते केलात ना?”

हे म्हणाले, “ढकलवत नाय आता. दम पुरत नाय.”

“म्हणून हात घालायचे काय त्यात?”

“हात कशाला जातील? आज गाठ होती म्हणून. एरवी बगितलंस ना, कशी एकसारखी चालत होती ती. कल अगदी बरोबर साधला होता. ओढते पण पळत नाय.”

ह्यांना माहीतच नव्हतं. इतके दिवस मी टाचा रोवून, खांदे मोडून ती फळी धरत होते आणि ह्यांना वाटत होतं, आपली कानस बरोबर चाललेय. कलत्या दाताची करवत ऐनात एकसारखी चालवून दाखवली, याचा अभिमानसुद्धा वाटत असेल मनात.

“एकसारखी नव्हती चालत,” मी म्हटलं. “मी धरून ठेवत होते.”

“काय?”

“फळी. मागून धरत होते मी. रोज. तुमी दम वाचवलात तो माज्या खांद्यांनी फेडला.”

हे पायाजवळच्या जांभ्या दगडाकडे बघत होते. वर कोणाकडे तरी गाय हंबरत होती. मला वाटलं, आता चिडतील, मला का सांगितलं नाहीस म्हणतील. चिडायलाही दम लागतो, तो नव्हता. “तुजे खांदे दुकतात काय?” एवढंच विचारलं. लग्न झाल्यापासून माझं काय दुखतं ते ह्यांनी पहिल्यांदा विचारलं.

मग मीच म्हटलं, “दात उभे करा परत. मी पुढे उभी राहते. तुमी मागे.”

“बाईमाणूस पुढं?”

“बाईमाणूस मागं राहून करवत अडवते ते चालतं, आणि पुढं नाय चालत काय?”

शेटला पटवायला आठवडा गेला. बाई चक्रीपुढे उभी केली आणि काही झालं तर लोक मला धरतील, असं त्याचं म्हणणं. मधे त्याने मुंबईहून आलेल्या एका गिरणी कामगाराला ह्यांच्या जागी उभा करून बघितलं. ह्यांची छाती खराब आहे हे तोपर्यंत सगळ्यांना कळलंच होतं, लपवण्यासारखं काही उरलं नव्हतं. तो माणूस एक दिवस टिकला. आमच्या खात्यात सूत तुटायचं ते जोडता यायचं, म्हणाला, आणि चहा पिऊन गेला तो आला नाही. पेट्यांचं काम तोंडावर आलं होतं. शेट म्हणाला, आंबे संपेपर्यंत बघू. त्या “बघू”वर आम्ही पुढची कितीतरी वर्षं काढली.

पेटीचं काम सोपं गेलं. मऊ लाकूड, कलते दात, तिथे तो कल असायलाच हवा. लाकूड आपणहून जायचं, मी फक्त सरळ ठेवायचं. हे मागे उभे राहून फळ्या काढून रचायचे, मधे मधे खोकायचे, पण चेहऱ्यावर जरा रंग आला होता. मला वाटलं, जमलं. एवढ्यासाठी आपण इतके घाबरलो होतो. माणसाला सोपं काम मिळालं की तो लगेच स्वतःला हुशार समजायला लागतो.

वैशाखात घरांची कामं निघाली. पाऊस यायच्या आधी ज्याला त्याला वासे बदलायचे असतात, आणि ज्याला त्याला ते उद्या हवे असतात. घरकामाची चक्री चढली. ह्यांनी तिचे दात परत सरळ उभे केले होते, नियमाप्रमाणे, जसे आधी होते तसे. तेव्हा मला कळलं की हे इतकी वर्षं काय करत होते. उभ्या दाताला काहीही फुकट नको असतं. तुम्ही बोटभर ढकलाल तर बोटभर कापतो. थांबलात की तोही थांबतो. ऐनाचा लांब वासा म्हणजे सगळा हातांनी आणि पोटाने रेटायचा. मी पोटाला गोणपाट बांधायची तरी संध्याकाळी तिथे निळं झालेलं असायचं. पत्रा तापलेला, भुसा घामाला चिकटलेला, आणि पुढचा वासा आधीच टेबलाला टेकवून ठेवलेला.

मी इतकी दमायची की मला माझाच कंटाळा यायला लागला. घरी गेल्यावर पोरीची वेणी घालताना हात मधेच थांबायचे आणि ती तशीच अर्ध्या वेणीने बसून राहायची. मासळी साफ करावी लागेल म्हणून मी मासळीच आणेना. सासूबाई काही चांगलं बोलल्या तरी मी फाडकन उत्तर द्यायची. दमलेलं माणूस वाईट असतं. गरीब, सोशिक वगैरे नसतं, वाईट असतं. ह्यांनी वर्षानुवर्षं तेच काम करून घरात कधी आवाज चढवला नाही, याचं मला त्या वैशाखात खरोखर आश्चर्य वाटलं.

एका दुपारी भाकरी खाताना हे म्हणाले, “दात जरासे कलते करू काय?”

मी वर बघितलं. मी दमलेय असं मी ह्यांच्यापाशी एकदाही बोलले नव्हते. घाटीवर एवढं बोलून, भांडून ती जागा घेतली होती, आता कुठल्या तोंडाने बोलणार? पण बोलायची गरजच काय. फळीचं दुसरं टोक आता ह्यांच्या हातात होतं.

“अगदी थोडे,” हे म्हणाले. “तुला बरं पडंल.”

मला नको म्हणायला हवं होतं. सदऱ्याची बाही दातांत अडकलेली मी बघितली होती. पण खांद्यांना ते काही आठवत नव्हतं. मी म्हटलं, “करा.” हे मला चिडवतील असं वाटलं होतं, मी असते तर चिडवलं असतं. ह्यांनी मुकाट्याने कानस घेतली आणि भाकरी अर्धी टाकून कामाला बसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी पहिला वासा लावला आणि तो गेला. नुसता हात ठेवला आणि गेला. दुसरा गेला, तिसरा गेला. माझ्या पोटाला रेटा नाही, मनगटात कळ नाही. कितीतरी दिवसांत पहिल्यांदा मला काम करता करता दुसरं काही सुचत होतं. आज बांगडे आणावेत, पोरीचं डोकं धुवून द्यावं, असं मी मनात म्हणत होते. ह्यांना हे सुख मिळालं होतं ते मी त्यांच्याकडून काढून घेतलं, असंही वाटून गेलं, आणि त्याबद्दल जरा वाईटसुद्धा वाटलं. वासे किती छान चालले होते. ओढत होते, पण पळत नव्हते. सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकसारखे.

एकसारखे, असं मनात आलं आणि माझे हात थांबले.

कलत्या दाताने ऐन एकसारखा चालत नाही. तो कधीच चालत नाही. हे माझ्याइतकं त्या मिलमध्ये दुसऱ्या कोणाला माहीत नव्हतं. मी मान तिरकी करून चक्रीच्या बाजूने मागे बघितलं. भुशाच्या धुरळ्यात हे उभे होते, टाचा रोवून, खांदे मागे टाकून. वाशाचं टोक दोन्ही हातांनी धरलं होतं आणि तोंड उघडं होतं, श्वास घेता यावा म्हणून. ओठ जांभळट दिसत होते. माझ्याकडे लक्ष नव्हतं. सगळं लक्ष त्या वाशावर, तो धावू नये यावर.

मी खटका बंद केला. चक्री फिरायची थांबली. मग मी ती सोडवली, दोन्ही हातांनी उचलून मागे नेली आणि ह्यांच्यापुढे ठेवली.

“परत उभे करा दात,” मी म्हटलं.

हे धापा टाकत म्हणाले, “का? जड जातं ना तुला?”

“जातं,” मी म्हटलं. “करा उभे.”